सदतीस दिवसांचा संघ

कबड्डी पावसात खेळायची नसते, हे आमच्या घाटकोपरात शाळकरी पोरालाही ठाऊक होतं. मैदानाचा हंगाम दिवाळीनंतर सुरू व्हायचा, संक्रांतीच्या सुमाराला रंगात यायचा आणि मेअखेरीस आभाळ भरून आलं की मंडळाचे दिवे, बांबू, दोऱ्या सगळं पोटमाळ्यावर जायचं. जून ते गणपती ही गुडघे शेकायची वेळ. त्यामुळे १८ जुलै २०१५ च्या शनिवारी संध्याकाळी माझा थोरला भाऊ टीव्हीसमोर बसला, तो जरा घुश्श्यातच. ‘पावसात कबड्डी!’ एवढंच तो म्हणाला आणि गुडघ्याला तेल चोळू लागला.

दादा डावा कोपरा खेळायचा. पंधरा वर्षं. कबड्डीत चढाई करणाऱ्याचं नाव होतं, त्याच्या नावाने शिट्ट्या वाजतात. कोपऱ्यातला माणूस मात्र वाकून उभा असतो, दोन हात गुडघ्यांवर, डोळे समोरच्याच्या पायांवर. त्याने घोटा धरला आणि सुटला, तर लोक त्याला शिव्या देतात. घोटा धरला आणि टिकला, तर पुढच्या चढाईची वाट बघू लागतात. दादाच्या उजव्या हाताची दोन बोटं अजून नीट मिटत नाहीत.

त्या संध्याकाळी वरळीच्या एनएससीआयच्या स्टेडियममध्ये प्रो कबड्डी लीगचा दुसरा हंगाम सुरू झाला. अमिताभ बच्चन यांनी राष्ट्रगीत म्हटलं, दिवे मालवले, पुन्हा लागले आणि यू मुंबा विरुद्ध जयपूर पिंक पँथर्स हा सामना सुरू झाला. यू मुंबाने तो २९-२८ असा एका गुणाने जिंकला. दादाचं तेल चोळणं मध्येच कधीतरी थांबलं होतं.

या एका गुणामागे आधीच्या वर्षाचा हिशेब होता. लीगचा पहिला हंगाम २६ जुलै २०१४ ला सुरू झाला, तोही याच दोन संघांच्या सामन्याने. तेव्हा मुंबाने ४५-३१ अशी बाजी मारली. पण ३१ ऑगस्टला अंतिम फेरीत त्याच जयपूरने ३५-२४ असा धुव्वा उडवला. गणपतीचा तिसरा दिवस होता. आमच्याकडे आरतीला जमलेली मंडळी प्रसाद हातात घेऊन टीव्हीसमोर उभी, आणि शेवटी कुणीतरी म्हणालं, ‘बाप्पाच्या समोर हरले!’ हरले, पण ज्या खेळाला आमच्या लहानपणी मास्तर ‘टाइमपास’ म्हणायचे, त्यात हरल्याचं घरातल्या बायकामाणसांनाही वाईट वाटलं, ही गोष्ट माझ्या दृष्टीने नवी होती.

मातीच्या मैदानाविषयी थोडं सांगायला हवं, कारण ते आता फारसं कुणी सांगत नाही. मैदान करायला आठ-दहा दिवस लागायचे. लाल माती आणायची, चाळणीने चाळायची, एकही खडा राहता कामा नये. मग पाणी शिंपायचं, चोपायचं, पुन्हा चाळलेल्या मातीचा हात फिरवायचा. पाणी जास्त झालं तर पाय घसरतो, कमी झालं तर कातडी सोलून निघते. किती पाणी, हे सांगणारा एक म्हातारा प्रत्येक मंडळात असे आणि त्याचा शब्द पंचापेक्षा मोठा असे. संध्याकाळी चुन्याच्या रेषा मारल्या, बांबूंवर दिवे चढले की भटवाडी, असल्फा, पार्कसाइटपासून माणसं यायची. गच्च्या भरायच्या. एखाद्या चाळीच्या कठड्यावर इतकी माणसं असत की खालच्या मजल्यावरचे भाडेकरू घर सोडून रस्त्यावर येत.

आणि या खेळातून पोट भरता येत असे! ‘व्यावसायिक’ हा शब्द आमच्याकडे लीगच्या कितीतरी आधीपासून होता. स्पर्धेच्या पत्रिकेवर ‘स्थानिक गट’ आणि ‘व्यावसायिक गट’ असे दोन भाग छापलेले असत. व्यावसायिक म्हणजे ऑफिसांचे आणि कारखान्यांचे संघ: महिंद्र, एअर इंडिया, भारत पेट्रोलियम, रेल्वे, पोलीस, बँका. मंडळाकडून चांगला खेळणाऱ्या पोरावर कंपनीतल्या कुणाचा तरी डोळा असे. एक दिवस निरोप यायचा, ‘उद्या फोटो आणि दाखला घेऊन ये.’ दादाला अशीच नोकरी लागली. सकाळी कार्ड पंच करायचं, दुपारी सरावाला सुटायचं, हंगामात गावोगाव जायचं. पगार, बोनस, ग्रॅच्युइटी सगळं रीतसर. गुडघा गेला तेव्हा त्याला मैदानावरून काढलं, नोकरीवरून नाही. स्टोअरमध्ये बसवलं आणि तिथून तो अठ्ठावन्नाव्या वर्षी निवृत्त झाला. आमच्या दोन बहिणींची लग्नं, हे ज्या घरात बसून लिहितो आहे ते घर, हे सगळं त्या डाव्या कोपऱ्यातून आलं.

तेव्हा लीगच्या पहिल्या लिलावाच्या बातम्या आल्या, तेव्हा दादा अस्वस्थ झाला होता. राकेश कुमारला पाटण्याने १२ लाख ८० हजारांना घेतलं, ही २०१४ ची सर्वांत मोठी बोली. आकडा ऐकून धाकटा पुतण्या उडालाच. दादाने विचारलं, ‘किती वर्षांचे?’

असो. सांगत होतो २०१५ च्या हंगामाबद्दल.

आठ संघ, प्रत्येकाचे साखळीत चौदा सामने आणि हे सगळं १८ जुलै ते २३ ऑगस्ट या सदतीस दिवसांत. शहराशहरांतून चार-चार दिवसांचा मुक्काम करत हा तांडा फिरणार. मुंबईचा संघ म्हणून आम्ही ज्याच्यासाठी ओरडत होतो त्यात मुंबईचं कोण होतं? कर्णधार अनुप कुमार हरियाणाचा. उजव्या कोपऱ्यात मोहित छिल्लर, डाव्या कोपऱ्यात सुरेंदर नाडा, दोघेही उत्तरेकडचे. जीवा कुमार तमिळनाडूचा, शब्बीर बापू केरळचा, इराणहून आलेला तरुण फझल अत्राचली. आपले म्हणावे असे विशाल माने आणि रिशांक देवाडिगा. आमच्या शेजारच्या काकांनी पहिल्याच आठवड्यात जाहीर केलं की हा संघ मुंबईचा नसून मुंबई सेंट्रलचा आहे. जो गाडीतून उतरेल तो आपला. विनोद बरा होता. पण दोन आठवड्यांनी काकाच नारिंगी टी-शर्ट घालून जिन्यात भेटले.

यात अनुप कुमारचा वाटा मोठा. चढाईला जाताना तो धावतच नसे. चालत जाई, मध्यरेषा ओलांडी, समोरच्या सातांकडे असा बघे की जणू कुणाचा हप्ता थकला आहे. मग पाय अलगद बोनस रेषेपलीकडे टेकवून परत. गुण एकच, पण समोरचे वैतागत. आमच्याकडे चढाई म्हणजे झेप, आरोळी, अंगावर माती. हा माणूस एखाद्या हेडक्लार्कसारखा कबड्डी खेळत होता आणि गुण जमा होत होते. गुण मिळाला तरी चेहरा तोच, पकड झाली तरी तोच.

दादाचं लक्ष मात्र नाडावर. पहिल्या काही सामन्यांनंतर त्याने टीव्हीवरच्या समालोचनाचा आवाज बंद करायला लावला आणि स्वतःचं सुरू केलं. ‘आता बघ, हा खोटा पाय दाखवेल. नाडा जाणार नाही. थांब... थांब... आता!’ आणि खरोखर त्याच क्षणी पडद्यावर घोट्याची पकड बसलेली असे. एका कोपऱ्याने धरायचं आणि दुसऱ्या कोपऱ्याने साखळी फिरवून झाकायचं, हे मोहित आणि नाडा ज्या मेळाने करत, ते बघून दादा गप्पच झाला. मग म्हणाला, ‘पंधरा वर्षांत मला असा जोडीदार एकच मिळाला. कारखाना बंद पडल्यावर तो गावी गेला.’ लालबहादूर शास्त्री मार्गाने घाटकोपरहून मुलुंडकडे गेलात तर त्या कारखान्यांच्या जागी आता टॉवर आणि मॉल दिसतील. त्यांच्याबरोबर त्यांचे कबड्डी संघही गेले, हे कुणाच्या ध्यानात येत नाही.

नियमांवरून भांडणं झाली. तीस सेकंदांची चढाई दादाला मान्य होती. तिसऱ्या चढाईचा नियम मान्य नव्हता. लागोपाठ दोन चढाया रिकाम्या गेल्या तर तिसरीत गुण आणायचाच, नाहीतर बाद. ‘म्हणजे थांबायचं नाहीच का? थांबणं हासुद्धा खेळ आहे,’ तो म्हणे. पुतण्याचं म्हणणं, थांबलं तर बघणार कोण? मला दोघांचंही पटत होतं. तिघे किंवा त्याहून कमी बचावपटू उरले असताना पकड केली तर एक जादा गुण, या नियमावर मात्र दादा खूश होता. इतक्या वर्षांनी कुणीतरी पकडणाऱ्याचा विचार केला, हे त्याला बरं वाटलं.

चौदांपैकी बारा सामने जिंकून, साठ गुणांनी यू मुंबा साखळीत पहिला आला. उपांत्य फेरीत पाटण्याला ३५-१८ असं लोळवलं. आणि अंतिम सामना पुन्हा वरळीला, २३ ऑगस्टच्या रविवारी. पुतण्याने तिकिटं काढली. दादा नको नको म्हणत होता. ‘टीव्हीवर पाय जास्त चांगले दिसतात.’ शेवटी आला. रविवारच्या मेगाब्लॉकच्या धास्तीने आम्ही दुपारीच निघालो. दादरला बदलून महालक्ष्मीला उतरलो, तिथून दादाच्या गुडघ्याच्या वेगाने स्टेडियम गाठलं.

आत थंडगार. माती नाही, धूळ नाही, घामाचा वास नाही. दादा बराच वेळ त्या मॅटकडे बघत राहिला आणि म्हणाला, ‘कातडी जात नसेल इथे.’ एवढंच. मग बेंगळुरू बुल्सचा संघ आला, आपला आला आणि पुढची चाळीस मिनिटं माझा हा पासष्टीचा भाऊ खुर्चीत बसलाच नाही. शब्बीर बापूच्या चढायांना तो उठे, आणि एकदा कोपऱ्यातली पकड बसली तेव्हा त्याने पुढच्या रांगेतल्या अनोळखी माणसाच्या दंडाला असं काही धरलं की तो बिचारा किंचाळला. ३६-३० असा सामना आपण जिंकला. त्या माणसाने दादाला विचारलं, ‘तुम्ही खेळायचात का?’ दादाने आपली न मिटणारी बोटं पुढे केली. तो माणूस ती बोटं हातात घेऊन बघत राहिला. या बोटांकडे अशा आदराने बघणारा अनोळखी माणूस मी तरी तोवर पाहिला नव्हता.

पुढचं थोडक्यात. मार्च २०१६ मध्ये लागलीच तिसऱ्या हंगामाचा अंतिम सामना दिल्लीला झाला. पाटण्याने आपल्याला ३१-२८ असं हरवलं. मग लिलाव झाला. मोहित छिल्लर ५३ लाखांना बेंगळुरूकडे गेला, नाडाही तिकडेच. ज्या संघाला आम्ही हरवलं त्याच संघाचा कर्णधार म्हणून नाडा त्या वर्षी मैदानात उतरला. अनुप कुमार पाचव्या हंगामापर्यंत मुंबईकडे राहिला, २०१८ मध्ये जयपूरला गेला, त्याच वर्षी निवृत्त झाला आणि २०१९ ला प्रशिक्षक झाला तो कुणाचा, तर पुण्याचा! रिशांकला २०१८ च्या लिलावात उत्तर प्रदेशच्या संघाने १ कोटी ११ लाखांना घेतलं. त्याच वर्षाच्या सुरुवातीला त्याच्याच नेतृत्वाखाली महाराष्ट्राने हैदराबादला राष्ट्रीय अजिंक्यपद जिंकलं होतं, सेनादलाला ३४-२९ असं नमवून, अकरा वर्षांनी. ते विजेतेपद किती जणांच्या लक्षात आहे, विचारून पाहा. यू मुंबाला २०१५ नंतर २०२५ पर्यंत एकदाही करंडक मिळालेला नाही. अकराव्या आणि बाराव्या हंगामात, म्हणजे २०२४ आणि २०२५ मध्ये, मुंबईत एकही सामना झाला नाही. शहराचं नाव संघासोबत फिरतं, शहर जागेवर राहतं. गंमत म्हणजे २०२५ च्या नोव्हेंबरात दुबईत बेसबॉलची लीग सुरू झाली, तिच्यात ‘मुंबई कोब्राज’ नावाचा संघ आहे आणि तो खेळतो दुबईतच. आमच्या काकांना हे सांगितलं तर ते म्हणाले, ‘मग आपण टी-शर्ट कुठला घ्यायचा?’

पुतण्यानेही दोन वर्षं निवड चाचण्या दिल्या. उंची, वजन, वेग, सगळं मोजलं. झाली नाही निवड. ऑफिसांच्या संघांत भरती आता तुरळक, तीही बहुधा कराराची. एका ठिकाणी त्याला अकरा महिन्यांचा कागद मिळाला, पुढच्या वर्षी मिळाला नाही. आता तो अंधेरीला एका कुरिअर कंपनीत असतो, मेट्रोने जातो-येतो. त्याचा राग दादाच्या पिढीवर आहे की लीगवर, मला कळत नाही. ‘तुम्हाला नोकरी मिळाली, त्यांना कोटी मिळाले,’ असं तो एकदा जेवताना म्हणाला. दादाने उत्तर दिलं नाही. पण ज्याच्या काळात कोपरारक्षकाला वडापाव आणि टॉवेल मिळायचा, त्याला दुसऱ्या कोपऱ्याच्या ५३ लाखांचा हेवा वाटला नाही, हे मी स्वतः पाहिलं आहे. त्या लिलावाच्या दिवशी त्याने पेढे आणले होते.

गेल्या जानेवारीत मंडळाने पुन्हा मातीवर स्पर्धा घ्यायची ठरवली. मॅट भाड्याने परवडत नाही, हे खरं कारण. माती आली, पोरांनी चाळली. पाणी किती टाकायचं, हे त्यांच्यातल्या एकालाही माहीत नव्हतं. कुणीतरी धावत आमच्याकडे आलं. दादा काठी घेऊन गेला, कडेला खुर्ची टाकून बसला आणि मूठभर माती उचलून त्या दोन बोटांत चिमटीत धरू लागला. बोटं मिटत नाहीत, माती सांडली. मग पुतण्याने आपल्या हातात घेतली. ‘दाब,’ दादा म्हणाला. ‘गोळा झाला? आता सोड. फुटला का? मग अजून अर्धी बादली.’