सेव्ह कर, लाइट जाईल!

बिघडलेला कन्सोल बदलता येतो, हरवलेली डिस्क पुन्हा विकत घेता येते. पण शंभर तास घालून जमवलेला तुमचा सेव्ह? तो जगात एकच असतो. आणि आपल्यापैकी बहुतेकांनी त्याची कॉपी काढलेलीच नसते...

गेल्या दिवाळीची गोष्ट. नाशिकच्या घरी साफसफाईचा धडाका चालू होता. आईनं माळ्यावरून एक खोका खाली सरकवला आणि वरूनच विचारलं, "हे भंगारात देऊ का गं?"

खोक्यात आमचा प्लेस्टेशन टू होता. धुळीनं माखलेला, वायरींचा गुंता झालेला. आणि त्याच्या पहिल्या स्लॉटमध्ये अजून तसंच खोचलेलं काड्यापेटीएवढं काळं मेमरी कार्ड. कन्सोल गेला असता तर मला फारसं वाईट वाटलं नसतं. कार्ड मात्र मी झडप घालून काढून घेतलं!

कारण सांगायचं तर थोडं मागे जावं लागेल. २००७ साली हा कन्सोल आमच्याकडे आला तेव्हा मी नऊ वर्षांची होते आणि दादा पंधराचा. नाशिकला तेव्हा लोडशेडिंगचा कहर. लाइट कधी जाणार याचं वेळापत्रक पेपरात छापून यायचं आणि ते आम्हाला शाळेच्या वेळापत्रकापेक्षा जास्त पाठ होतं. पण लाइट काही वेळापत्रक पाळायला बांधील नव्हती. त्यामुळे मी कंट्रोलर हातात घेतला की दादाची मागून एकच आरोळी, "सेव्ह कर, लाइट जाईल!"

एका बोटावर मावणारं बालपण

आजच्या भाषेत सांगायचं तर हे कार्ड म्हणजे अगदीच किरकोळ प्रकरण. क्षमता ८ एमबी. तुमच्या मोबाइलमधले दोन-तीन फोटो टाकले की संपलं. पण त्याच्या आधीच्या प्लेस्टेशनचं कार्ड तर फक्त १२८ केबीचं होतं. त्यात १५ ब्लॉक, प्रत्येक ब्लॉक ८ केबीचा. फॅमिली ग्रुपवर रोज सकाळी येणारा 'शुभ प्रभात'चा गुलाब बहुधा त्यात मावणारही नाही! मावायचं ते मात्र मोलाचं असायचं. कोणती लेव्हल झाली, किती पैसे साठले, कुठली गाडी घेतली. गेम स्वतः डिस्कवर असतो. कार्डावर असतो तो फक्त तुमचा प्रवास.

कार्ड येण्याआधी तर आणखी मजा होती. १९८६-८७च्या सुमाराचे काही गेम कार्ट्रिजमध्येच बारीक बटण-सेल बसवून सेव्ह सांभाळायचे. सेल संपला की सेव्ह गायब. काही गेम लांबलचक पासवर्ड द्यायचे, तो वहीच्या मागच्या पानावर उतरवून ठेवायचा. आणि आपल्याकडच्या स्वस्तातल्या व्हिडिओ गेमवर तर बहुतेकदा तीही सोय नसायची. आई जेवायला हाक मारायची आणि सगळं पहिल्यापासून!

मेमरी कार्डानं हे बदललं. १९९४च्या डिसेंबरमध्ये जपानमध्ये पहिला प्लेस्टेशन आला आणि त्याच्यासोबत हा तुकडाही. त्यात फ्लॅश चिप असल्यामुळे सेलची कटकट नाही. शिवाय कार्ड खिशात घालून मित्राच्या घरी नेता यायचं. आपला सेव्ह आपल्या मुठीत, अक्षरशः.

फ्लॅशलाही म्हातारपण येतं

मग घाई कसली, कार्ड ड्रॉवरमध्ये पडून राहिलं तर काय बिघडतं? बिघडतं. फ्लॅश चिप आपली माहिती विजेच्या सूक्ष्म भाराच्या रूपात बारीक कप्प्यांत कोंडून ठेवते. हा भार वर्षानुवर्षं अगदी हळूहळू झिरपत जातो. अशा चिप्स बनवणारे माहिती टिकण्याची मुदत साधारण दहा ते वीस वर्षांची धरतात. प्रत्यक्षात बरीच कार्डं त्याहून जास्त टिकतात, पण तो नशिबाचा भाग. त्यात मुंबई-कोकणासारखी दमट हवा असेल तर कार्डाच्या धातूच्या पट्ट्यांवर गंज चढतो तो वेगळाच.

प्लेस्टेशन टू २०००च्या मार्चमध्ये जपानमध्ये आला आणि २०१३च्या सुरुवातीला त्याचं उत्पादन थांबलं. म्हणजे सगळ्यात नवं ओरिजिनल कार्डही आता दहा वर्षांच्या पुढे गेलंय. आमचं तर अठरा वर्षांचं! थोडक्यात, घरात असं कार्ड असेल तर 'बघू कधीतरी' हा फंडा चालणार नाही.

कॉपी कशी काढायची?

मी कन्सोल मुंबईला आणला, लॅमिंग्टन रोडवर फिरून एक ओरिजिनल सेकंडहँड कार्ड मिळवलं आणि एका रविवारी कामाला लागले. घाबरू नका, काम सोपं आहे. कन्सोलच्या पुढच्या बाजूला कार्डाचे दोन स्लॉट असतात. एकात जुनं, दुसऱ्यात रिकामं कार्ड घाला. डिस्क न घालता कन्सोल सुरू करा. स्क्रीनवर दोन पर्याय येतात, त्यातला 'ब्राउजर' निवडा. मग जुनं कार्ड उघडा. प्रत्येक सेव्हचं छोटंसं थ्रीडी चित्र गोल फिरताना दिसेल. हवं ते निवडा, 'कॉपी' म्हणा, दुसरं कार्ड दाखवा. झालं! तेवढा वेळ मात्र कार्डाला हात लावायचा नाही आणि स्विच बंद करायचा नाही. लिहिण्याचं काम अर्ध्यावर तुटलं की फाइल खराब होते. दादाच्या आरोळीमागचं शास्त्र हेच होतं.

पहिल्या प्लेस्टेशनचे सेव्ह असतील तर एक गोम आहे. ते प्लेस्टेशन टूच्या कार्डावर ठेवता येतात, पण तिथून खेळता येत नाहीत. खेळायचं असेल तेव्हा पुन्हा जुन्या १२८ केबीच्या कार्डावर आणावे लागतात.

एका कार्डावरून दुसऱ्या कार्डावर नेलं म्हणजे धोका टळला असं नाही. दोन्ही कार्डं म्हातारीच. त्यामुळे पुढची पायरी म्हणजे कॉम्प्युटर. प्लेस्टेशन टूला यूएसबी पोर्ट आहेत, पण त्याचा स्वतःचा ब्राउजर पेन ड्राइव्हवर कॉपी करू देत नाही. २००६मध्ये प्लेस्टेशन थ्री आला तेव्हा त्याच्यासाठी मेमरी कार्ड अडॅप्टर निघाला होता. कार्ड अडॅप्टरमध्ये घालायचं, सेव्ह प्लेस्टेशन थ्रीच्या हार्ड डिस्कवर घ्यायचे आणि तिथून पेन ड्राइव्हवर. हा अडॅप्टर आता फक्त सेकंडहँड मिळतो, पण काम चोख करतो. हल्ली मायक्रो एसडी बसवता येणारी नव्या बनावटीची मेमरी कार्डंही मिळतात. ती जुन्या कन्सोलमध्येच चालतात आणि सगळा ऐवज कॉम्प्युटरवर नेणं सोपं होतं. फक्त रस्त्यावर मिळणाऱ्या '६४ एमबी, १२८ एमबी'च्या नकली कार्डांच्या मोहात पडू नका. जागा भरपूर, भरवसा शून्य.

कार्ड आहे, पण सेव्ह कुठाय?

"आमच्याकडे तर लेटेस्ट कन्सोल आहे, आम्हाला काय टेन्शन?" असं म्हणत असाल तर माझ्या एका मैत्रिणीचा किस्सा ऐका. तिनं हातात धरून खेळायचा कन्सोल रिपेअरला दिला. देण्याआधी हुशारीनं मायक्रो एसडी कार्ड काढून पर्समध्ये ठेवलं. कन्सोल दुरुस्त होऊन आला, पण रिसेट होऊन. कार्ड घातलं, गेम सुरू केला... आणि समोर 'न्यू गेम'! एकशे वीस तासांचा खेळ गायब. कार्डात गेम होता, सेव्ह नव्हताच.

गंमत अशी की आजच्या कन्सोलमधलं मेमरी कार्ड हे पूर्वीचं मेमरी कार्ड राहिलेलंच नाही. २०१७च्या निन्टेण्डो स्विचचंच घ्या. डाउनलोड केलेले गेम आणि स्क्रीनशॉट मायक्रो एसडीवर जातात, सेव्ह मात्र कन्सोलच्या पोटातच राहतो. बॅकअप हवा असेल तर पैसे भरून क्लाउड घ्यायचा, आणि काही गेमना तीही सोय नाही. एका स्विचमधून दुसऱ्यात सेव्ह हलवता येतो, पण तो 'हलवणंच' असतं. पहिल्या कन्सोलमधून तो पुसला जातो. प्लेस्टेशन फोरचे सेव्ह पेन ड्राइव्हवर घेता येतात. प्लेस्टेशन फाइव्हच्या गेमचे सेव्ह तसे एकेक करून घेता येत नाहीत. त्यासाठी पैसे भरून क्लाउड किंवा थेट दुसरा कन्सोल. एक्सबॉक्स वन आणि त्यानंतरचे कन्सोल इंटरनेट असेल तर सेव्ह आपोआप क्लाउडवर ठेवतात, तेही फुकट.

क्लाउड वाईट आहे का? अजिबात नाही. ना गंज, ना माळा, ना भंगारवाला! पण पैसे भरून घेतलेला क्लाउड म्हणजे भाड्याचं घर. सबस्क्रिप्शन संपलं की आपल्याच सामानापर्यंत पोचता येत नाही. काड्यापेटीएवढ्या त्या कार्डाला कोणी भाडं मागत नव्हतं.

३१ जुलै २०१०

तर, त्या रविवारी माझं कार्ड उघडलं. सगळी चित्रं जागच्या जागी गोल फिरत होती. हुश्श! त्यात 'नीड फॉर स्पीड : मोस्ट वाँटेड'च्या दोन फाइल्स होत्या. एक दादाची, एक माझी. २००५च्या या गेममध्ये पंधरा रेसर्सची ब्लॅकलिस्ट असते. एकेकाला हरवत पहिल्या नंबरच्या रेझरपर्यंत पोचायचं. दादानं केव्हाच गेम संपवला होता. मी मात्र पाचव्या नंबरवर अडकले होते. कितीतरी रडारड केली होती त्यावरून.

ब्राउजरमध्ये प्रत्येक सेव्हची तारीख दिसते. माझ्या फाइलवर तारीख होती ३१ जुलै २०१०, वेळ रात्री पावणेबारा. मी गोंधळले. बारा वर्षांच्या मला रात्री पावणेबाराला खेळायला कोण देणार होतं? मग आठवलं. १ ऑगस्टला पहाटे दादा इंजिनीअरिंगला पुण्याला गेला, होस्टेलवर. त्यानंतर मी कन्सोलला हात लावला नव्हता. एकटीनं खेळायला मजाच नव्हती. महिन्याभरात आईनं सगळं खोक्यात भरून माळ्यावर टाकलं.

डिस्क घातली, माझी फाइल उघडली. पाचवा नंबर हरलेला. चौथा, तिसरा, दुसराही. फक्त पहिला शिल्लक. रेझरला कोणी हात लावलेला नव्हता.

दादा आता बेंगळुरूला असतो. त्याला लगेच फोन लावला. बराच वेळ तो काही बोललाच नाही. मग म्हणाला, "शेवटचा तुझ्यासाठी ठेवला होता. मला वाटलं तू संध्याकाळीच फोन करशील." पंधरा वर्षं तो फोनची वाट बघत होता, असं काही मी म्हणणार नाही. पण तो विसरलाही नव्हता.

आता त्या फाइलच्या तीन कॉपी आहेत. नव्या कार्डावर, लॅपटॉपवर आणि बेंगळुरूला पाठवलेल्या पेन ड्राइव्हवर. रेझर अजून बाकी आहे. दादा दिवाळीला घरी येईल तेव्हा खेळेन म्हणतेय, कारण मागून ती आरोळी आल्याशिवाय मला सेव्ह करायची आठवण राहत नाही.

एवढं कराच!

• जुनं मेमरी कार्ड सापडलं तर आधी कॉपी, मग खेळ.

• कार्डाच्या पट्ट्या कोरड्या, मऊ कापडानं पुसून मगच स्लॉटमध्ये घाला.

• सेव्ह किंवा कॉपी चालू असताना कार्ड काढू नका, स्विच बंद करू नका.

• नवा कन्सोल रिपेअरला देण्याआधी किंवा विकण्याआधी सेव्ह नेमका कुठे आहे ते सेटिंग्जमध्ये बघा. मायक्रो एसडी काढून घेतलं म्हणजे सेव्ह वाचला असं समजू नका.

• कॉपी किमान दोन ठिकाणी ठेवा, आणि त्यातली एक दुसऱ्या कोणाच्या तरी घरी.