मालकंसात पंचम कुठून आला?

लेखमाला ‘राग आणि पडदा’ : भाग ६

मागच्या आठवड्यात आपण दूरदर्शनच्या ‘मिले सुर मेरा तुम्हारा’पाशी थांबलो होतो. १९८८ सालचं ते भैरवीतलं गाणं पंडित भीमसेन जोशींच्या आवाजात सुरू होतं आणि त्याच्या चालीत आपल्या अशोक पत्कींचा हात आहे. आज २०२० साली आलेल्या ‘बंदिश बँडिट्स’ या वेब मालिकेकडे वळू. जोधपूरचं काल्पनिक राठोड घराणं, करड्या शिस्तीचे आजोबा आणि पॉप गायिकेच्या प्रेमात पडलेला नातू राधे. आजोबा झालेले नसीरुद्दीन शाह आणि राधेचा प्रतिस्पर्धी दिग्विजय झालेले अतुल कुलकर्णी, दोघेही दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात घडलेले.

घराण्याच्या धाकापायी राधे मुखवटा घालून पॉप गातो. मला इथे शुभा मुद्गल आठवतात. दिल्लीचं गांधर्व महाविद्यालय १९३९ साली विनयचंद्र मौद्गल्य यांनी पलुस्करांच्या परंपरेत उभं केलं. त्यांच्याकडे शुभाताई शिकल्या. कुमार गंधर्व आणि जितेंद्र अभिषेकी यांचंही मार्गदर्शन त्यांना लाभलं. १९९९ साली शंतनू मोइत्रांच्या संगीतातलं ‘अब के सावन’ त्या उघड्या चेहऱ्यानं, तितक्याच खुल्या गळ्यानं गायल्या. ख्याल गाणारा आवाज त्यांनी पॉपसाठी लपवला नाही, बारीकही केला नाही. हे धाडस मला फार मोलाचं वाटतं.

पण राग आणि पॉप जुळवताना खरी अडचण सुरांतच असते. परवा नोएडाला भाचीकडे गेलो होतो. ती मालकंस गुणगुणत होती आणि तिचा मित्र गिटारवर साथ करू पाहत होता. त्यानं षड्जावरचा साधा मायनर कॉर्ड छेडला आणि ती थबकली. “मामा, हे खटकतंय.”

खटकणारच. कॉर्ड म्हणजे एकदम वाजणारे किमान तीन सूर. षड्जावरचा मायनर म्हणजे सा, कोमल गंधार आणि पंचम. मालकंसात तर रिषभ आणि पंचम दोन्ही वर्ज्य! म्हणून तर या रागाला तंबोऱ्याची पहिली तारही पंचमाऐवजी मध्यमात लावतात. गिटारवाल्याची चूक नव्हती; त्याच्या हाताला जे सर्वांत सोपं, तेच या रागाला चालत नाही. दुसरी अडचण मींडेची. मींड दोन सुरांमधल्या वाटेवर रेंगाळते. ऑटो-ट्यून कडक लावला, की तो आवाज जवळच्या सुरावर ओढतो आणि ती वाटच पुसली जाते.

‘बंदिश बँडिट्स’चं संगीत शंकर-एहसान-लॉय यांचं. त्यांतले शंकर महादेवन श्रीनिवास खळ्यांकडे शिकलेले. आवाजांमध्ये पंडित अजय चक्रवर्तीही आहेत. एवढी तालीम मागे असली, की कॉर्ड कुठे धरायचा आणि कुठे गप्प बसायचं, हे कळतं.

“मध्यमावरून धर,” मी त्या मुलाला म्हटलं. “म, कोमल ध, वरचा सा.” त्यानं बोटं सरकवली. भाचीनं कोमल निषादावरून धैवतावर मींड घेतली आणि तेवढा वेळ त्यानं तारांवर तळवा ठेवला.

(पुढील भाग : तबला आणि ड्रमसेट)