विश्वाच्या आरंभाची पुस्तके

विश्वरचनाशास्त्र, म्हणजे समग्र विश्वाची घडण आणि उत्क्रांती यांचा अभ्यास, सामान्य वाचकाला समजावणाऱ्या पुस्तकांत स्टीव्हन वाइनबर्ग यांचे १९७७ सालचे ‘द फर्स्ट थ्री मिनिट्स’ आजही प्रथम हाती घ्यावे असे आहे, कारण त्यात पुराव्याला निष्कर्षाइतकेच महत्त्व मिळते. १९६४ साली न्यू जर्सीतील होल्मडेल येथे आर्नो पेन्झिअस आणि रॉबर्ट विल्सन यांना शिंगाच्या आकाराच्या अँटेनात सर्व दिशांनी सारखीच येणारी खरखर आढळली, आणि आत बसलेल्या कबुतरांची विष्ठा खरवडून काढल्यावरही ती हटेना. हे वैश्विक पार्श्वप्रारण होते, म्हणजे आरंभीच्या तप्त विश्वातून उरलेले आणि प्रसरणामुळे निरपेक्ष शून्याच्या वर जेमतेम तीन अंशांपर्यंत निवलेले प्रारण. त्याच्या तापमानावरून मागे हिशेब करत वाइनबर्ग दाखवतात की, पहिल्या काही मिनिटांतच प्रोटॉन आणि न्यूट्रॉन जुळून साध्या द्रव्याच्या वस्तुमानापैकी सुमारे चौथा हिस्सा हेलियम झाला. अवघड गणित त्यांनी पुस्तकाच्या अखेरीस ठेवले आहे, हे वाचकाच्या सोयीचेच.

स्टीफन हॉकिंग यांचे १९८८ सालचे पुस्तक अधिक गाजले. मात्र त्यातील ‘काल्पनिक काळ’, म्हणजे काल्पनिक संख्यांत मोजलेला काळ, नवख्या वाचकाला सहजी पेलणारा नाही. मराठीत जयंत नारळीकर यांचे ‘आकाशाशी जडले नाते’ आहे. नारळीकर हे महास्फोट सिद्धांताचे, म्हणजे विश्व तप्त आरंभापासून प्रसरण पावत आले या मताचे, टीकाकार आणि फ्रेड हॉइल यांच्या स्थिर स्थिती सिद्धांताचे, म्हणजे विश्व प्रसरण पावत असूनही नव्या द्रव्याच्या निर्मितीमुळे त्याची घनता कायम राहते या मताचे, पुरस्कर्ते होते, हे ध्यानात ठेवून ते वाचावे. वाइनबर्ग यांच्या मूळ पुस्तकात १९९८ साली उघड झालेले प्रसरणाचे त्वरण अर्थातच नाही. त्यासाठी एखादे नंतरचे पुस्तक जोडीला घ्यावे लागते.