पोलिकार्पोव्हचा वाकडा पंख

सोव्हिएत यंत्र म्हटलं की आम्हा भिलाईकरांना आधी पोलाद प्लांट आठवतो. 2 फेब्रुवारी 1955 ला त्याचा सोव्हिएत संघाशी करार झाला तेव्हा आमच्या दुर्ग जिल्ह्याचा कारभार नागपूरहून चालत होता. 4 फेब्रुवारी 1959 ला राष्ट्रपती राजेंद्रबाबूंच्या हस्ते पहिल्या ब्लास्ट फर्नेसचं उद्घाटन झालं, तोवर आपली राजधानी भोपाळ झाली होती. पण सोव्हिएत अभियंत्यांची हुशारी आणि हट्ट दोन्ही एकाच ठिकाणी बघायचे असतील, तर मी त्यांच्या दुपंखी लढाऊ विमानांकडे बोट दाखवीन.

ती विमानं रेखणाऱ्या निकोलाय पोलिकार्पोव्हला 1929 मध्ये अटक झाली. कैदेत असतानाच त्याने ग्रिगोरोविच या दुसऱ्या अभियंत्याच्या जोडीने आय-5 हे विमान रेखलं. पुढे त्याच वळणाचं आय-15 आलं आणि ऑक्टोबर 1933 मध्ये वैमानिक च्कालोव्हने ते पहिल्यांदा उडवलं. धड पोलादी नळ्यांचं, पंख लाकडी, त्यावर ताणलेलं कापड. खरी गंमत वरच्या पंखात होती. एरवी हा पंख धडाच्या वर दांड्यांवर तोललेला असतो. इथे तो मुळाशी खाली वाकवून थेट धडाला जोडला होता, उडत्या कुरव पक्ष्यासारखा. दांडे वाचले, हवेचा अडथळा कमी झाला. विमान वळायला इतकं चपळ, की आठ-नऊ सेकंदांत पूर्ण गिरकी घ्यायचं. वैमानिक कोक्किनाकीने 1935 मध्ये हलकं केलेलं आय-15 घेऊन 14,575 मीटरची उंची गाठली.

वैमानिक मात्र कुरकुरत होते. पंखाचं वाकवलेलं मूळ नेमकं नजरेच्या आड येतं, उतरताना समोरचं नीट दिसत नाही, असं त्यांचं म्हणणं. म्हणून आय-152 मध्ये पंख सरळ करून दांड्यांवर चढवला. समोरचं दिसू लागलं, पण वजन वाढलं आणि चपळाई गेली. मग 1938 मध्ये आय-153 आलं आणि वाकडा पंख परतला. शिवाय चाकं पोटात घेण्याची सोय झाली: मागे जाता जाता नव्वद अंशांत फिरायची आणि आडवी बसायची. दुपंखी विमानाला असली चाकं म्हणजे बंडीला पॉवर ब्रेक! पण काम सुबक होतं. पंख्याच्या पात्यांमधून नेम धरून झाडणाऱ्या चार श्कास मशीनगन, एम-62 इंजिन, ताशी सव्वाचारशे किलोमीटरच्या वर वेग. अशी तीन हजारांहून अधिक विमानं बनली. 20 मिलिमीटरच्या तोफांचं आय-153पी निघालं, हवाबंद कॉकपिटचा प्रयोग झाला, आणि 1940 मध्ये तर खालच्या पंखांखाली रॅमजेट लावूनही उडवून पाहिलं.

एवढी मेहनत जुन्या आराखड्यावर का, याचं उत्तर स्पेनमध्ये आहे. 1936 पासून तिथल्या यादवी युद्धात आय-15 लढलं. स्पॅनिश लोक त्याला ‘चातो’, म्हणजे नकटं, म्हणत. तिथल्या अनुभवावरून मॉस्कोत असं ठरलं, की एकपंखी आय-16 ने शत्रूला गाठावं आणि दुपंखीने गिरक्या घेत त्याला गुंतवून ठेवावं. चीनमध्येही सोव्हिएत वैमानिक हीच जोडी घेऊन जपान्यांशी भिडले. 1938 च्या सप्टेंबरअखेर सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीस भारतीय वैद्यकीय पथकाबरोबर हँकावला पोहोचले, त्या शहराच्या आकाशात त्याच वर्षी ही विमानं लढली होती.

माझ्या मते हिशेब चुकला तो इथेच. गिरकीच्या लढाईत उतरायला शत्रूही तयार असावा लागतो. 1941 चं जर्मन लढाऊ विमान मेसरश्मिट ताशी साडेपाचशे किलोमीटरच्या वर जायचं. वरून झेप घ्यायची, गोळ्या झाडायच्या आणि निघून जायचं, गिरक्या घ्यायची त्याला गरजच नव्हती. पुढे आय-153 बरंचसं जमिनीवरच्या माऱ्यासाठी वापरलं गेलं.

डिसेंबर 1939 मध्ये, पोलिकार्पोव्ह जर्मनीच्या दौऱ्यावर असताना, त्याच्या कार्यालयातली माणसं आणि नव्या एकपंखी विमानाचा आराखडा काढून मिकोयान आणि गुरेविच यांच्या हाती दिला गेला. त्यातून मिग-1 झालं. त्याच घराण्यातलं मिग-21 पुढे नाशिकजवळ ओझरला एचएएलच्या कारखान्यात तयार होऊ लागलं आणि सप्टेंबर 2025 मध्ये चंडीगडला निवृत्त झालं. पोलिकार्पोव्ह 1944 मध्ये वारला. त्यानंतर त्याच्या यू-2 या साध्या प्रशिक्षण विमानाला त्याच्या नावावरून पो-2 म्हणू लागले. तेही दुपंखीच.