तपासता येईल असं काम

भंडाऱ्याजवळच्या जवाहरनगर आयुध निर्माणीत स्फोटकं आणि प्रोपेलंट तयार होतात. कारखान्यातलं काम कारखान्यातच ठेवायचं, हे तिथल्या वसाहतीत वाढलेल्या पोरांना वेगळं शिकवावं लागत नाही. त्यातलंच एखादं पोर सॉफ्टवेअरकडे वळलं की नियम उलटा होतो. पुण्या-बंगळुरूचा नोकरी देणारा माणूस त्याला ओळखणार तो उघड्यावर मांडलेल्या कामावरूनच. फोटो, लोगो आणि ‘पॅशनेट डेव्हलपर’ ही ओळ नसली तरी काही अडत नाही.

असं काम मांडायचं तर आधी विषय निवडा. टू-डू लिस्ट आणि हवामानाचं अ‍ॅप हजारोंनी बनवून ठेवलं आहे. त्यापेक्षा जवळची अडचण घ्या. ‘दऱ्या’ या शब्दातला अर्धा र युनिकोडमध्ये दोन तऱ्हांनी लिहिता येतो. एकात खाली नुक्ता असलेला ऱ आणि हलन्त. दुसऱ्यात साधा र, हलन्त आणि डोळ्यांना न दिसणारा ‘झिरो विड्थ जॉइनर’. पडद्यावर दोन्ही बहुधा सारखेच दिसतात, संगणकाला मात्र वेगळे. युनिकोडचं ठरलेलं नॉर्मलायझेशनही त्यांना एक करत नाही. त्यामुळे शब्द यादीत असूनही शोधल्यावर सापडत नाही. दोन्ही रूपं एका साच्यात आणणारं लहानसं फंक्शन लिहा आणि सोबत चाचण्या द्या. मुलाखतीत यावर अर्धा तास बोलता येतं. टू-डू लिस्टवर काय बोलणार?

हे काम गिट या बदलांची नोंद ठेवणाऱ्या साधनात ठेवा. लिनस टोरवाल्ड्सनं २००५ साली लिनक्सच्या कामासाठी गिट लिहिलं. त्यातली प्रत्येक ‘कमिट’ काय बदललं, कुणी आणि केव्हा हे नोंदवते. का बदललं ते तुम्ही संदेशात लिहायचं. जाणकार माणूस हा इतिहास वाचतो. सगळं एकाच रात्री एकाच कमिटमध्ये आलं असेल तर शंका येणारच. गिटमधलं काम इंटरनेटवर मांडायची जागा म्हणजे गिटहब. गिटमधला ईमेल तिथल्या खात्याला जोडलेला नसेल, तर ते काम तुमच्या खात्यावर दिसत नाही. चुकून गेलेला पासवर्ड पुढच्या कमिटमध्ये पुसला तरी जुन्या इतिहासात राहतो. तो आधी बदलाच.

कामासोबतच्या ‘रीडमी’ या माहितीच्या फाइलमध्ये अडचण कोणती, प्रोग्राम चालवायचा कसा आणि त्याला काय जमत नाही, हे लिहा. शेवटची गोष्ट बहुतेक जण गाळतात, आणि विश्वास तिथेच बसतो.

दुसऱ्यांच्या प्रकल्पातही हात लावा, पण मोजणीसाठी नव्हे. हॅक्टोबरफेस्ट या ओपन सोर्स योगदानाच्या उपक्रमात २०२० साली टी-शर्टच्या लोभानं निरर्थक पुल रिक्वेस्टचा, म्हणजे बदलांच्या प्रस्तावांचा, इतका पूर आला, की आयोजकांना भर महिन्यात नियम बदलावे लागले. नोकरीतला कोड कंपनीचा असतो, तो परवानगीशिवाय उघड्यावर टाकू नका.

हे काम दाखवणाऱ्या वेबसाइटसाठी लगेच डोमेन विकत घेऊ नका. सार्वजनिक रिपॉझिटरीतून गिटहब पेजेसवर साधी साइट फुकट चालते.