भरती सुरू झाल्यावर निकष बदलता येतात का?

भरतीच्या खटल्यांविषयी बोलताना आम्ही राजस्थान उच्च न्यायालयातल्या अनुवादकांच्या भरतीपासून सुरुवात करतो. पदं १३, परीक्षेला बसले २१. परीक्षा झाल्यावर ठरलं, किमान ७५ टक्के गुण हवेत. उरले तिघेच! आणि भरती करणारं, बघा, कोर्टच.

नोव्हेंबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने सांगितलं: जाहिरात निघाली की भरती सुरू झाली. मग पात्रतेचे निकष मध्येच बदलता येणार नाहीत. नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा असेल तरच, आणि तेव्हाही मनमानी चालणार नाही. म्हणून जाहिरातीची प्रत जपून ठेवा.

निवड यादीत नाव लागलं म्हणजे नेमणुकीचा हक्क मिळाला, असं मात्र नाही. पण जागा रिकामी असताना नेमणूक नाकारली, तर सरकारला सबळ कारण दाखवावं लागतं.