अवतरणाची वाट निर्वेध हवी

सोलापूरच्या होटगी रस्त्यावरील विमानतळावरून ९ जून २०२५ रोजी गोव्यासाठी आणि १५ ऑक्टोबर २०२५ रोजी मुंबईसाठी विमानसेवा सुरू झाली. भवानी पेठेतील घोंगडे वस्तीपासून होटगी रस्त्याकाठच्या गावांपर्यंत सर्वांनाच या घटनेचे अप्रूप वाटले आणि ते स्वाभाविक होते. परंतु हे विमान धावपट्टीवर उतरण्याआधी येथे एक मोठा व अवघड निर्णय अमलात आणावा लागला होता. श्री सिद्धेश्वर सहकारी साखर कारखान्याच्या सहवीजनिर्मिती प्रकल्पाची सुमारे ९० मीटर उंचीची चिमणी विमानाच्या उतरण्याच्या वाटेत अडथळा ठरत होती. अनेक वर्षांच्या वादानंतर १५ जून २०२३ रोजी नियंत्रित स्फोट घडवून ती पाडण्यात आली. कारखाना सहकारी होता आणि ऊस शेतकऱ्यांचा होता. त्यामुळे या प्रश्नाला दोन्ही बाजूंनी धार होती. एका चिमणीचा एवढा बाऊ कशासाठी, असा प्रश्न त्या काळात अनेकांनी विचारला. त्याचे उत्तर सोलापुरात नव्हे, तर उतरताना कोसळलेल्या विमानांच्या तपास-अहवालांत मिळते.

उतरणीचे गणित

विमान आकाशात उंचावर असते तेव्हा ते तुलनेने सुरक्षित असते. चूक झाली तर ती सुधारण्यास उंची आणि वेळ ही दोन्ही साधने वैमानिकाच्या हाती असतात. उतरताना मात्र ही दोन्ही साधने क्षणोक्षणी कमी होत जातात. वेग कमी करणे, चाके उघडणे, नियंत्रण कक्षाशी बोलणे, हवामान पाहणे आणि धावपट्टी शोधणे ही सर्व कामे नेमकी याच काही मिनिटांत एकत्र येतात.

उतरण्याचा सर्वमान्य कोन सुमारे तीन अंशांचा असतो. म्हणजे वीस पावले पुढे गेल्यावर एक पाऊल खाली, इतका हा मंद उतार आहे. भवानी पेठेतील एखाद्या शाळेच्या मैदानावर वीस मीटर लांब दोरी घेऊन तिचे एक टोक जमिनीवर आणि दुसरे एक मीटर उंचीवर धरले, तर विद्यार्थ्यांना तो प्रत्यक्ष दाखविता येईल. या हिशेबाने दर किलोमीटरमागे विमान सुमारे ५२ मीटर खाली येते. धावपट्टीच्या तोंडाशी ते साधारण १५ मीटर उंचीवर असते. तेव्हा एक किलोमीटर अलीकडे त्याची उंची सुमारे ६७ मीटर आणि दोन किलोमीटर अलीकडे सुमारे १२० मीटर असते. या वाटेत ९० मीटरची चिमणी उभी असणे म्हणजे काय, हे आता वेगळे सांगावयास नको. शिवाय अडथळा आणि विमान यांच्यामध्ये पुरेसे मोकळे अंतरही राखावे लागते, कारण धुके, पाऊस किंवा वाऱ्याचा झोत यांमुळे विमान ठरलेल्या रेषेच्या किंचित खाली येऊ शकते.

विमानातील उंचीमापक हे यंत्र हवेच्या दाबावरून उंची सांगते. ते बहुधा समुद्रसपाटीपासूनची उंची दाखविते. विमानाच्या पोटाखाली शेत आहे, डोंगर आहे की चिमणी आहे, हे त्या यंत्राला कळत नाही. म्हणून प्रत्येक मार्गाच्या प्रत्येक टप्प्यासाठी किमान सुरक्षित उंची नकाशावर लिहून ठेवलेली असते. आपण नेमके कोठे आहोत याची खात्री होईपर्यंत त्या उंचीखाली उतरावयाचे नाही, हा उतरण्यातील पहिला नियम होय.

जुन्नरच्या डोंगरावर

हा नियम मोडल्यावर काय घडते, याचे दुःखद उदाहरण महाराष्ट्राच्याच भूमीवर आहे. ६ जुलै १९६२ च्या मध्यरात्रीनंतर, म्हणजे ७ जुलैच्या पहिल्या प्रहरात, अलिटालिया या इटालियन कंपनीचे डीसी-८ जातीचे विमान सिडनीहून रोमकडे जाताना बँकॉकवरून मुंबईला येत होते. विमानात ८५ प्रवासी आणि ९ कर्मचारी होते. वैमानिक मुंबईत उतरण्याच्या तयारीत होता. परंतु मुंबईच्या ईशान्येस सुमारे ८४ किलोमीटर अंतरावर, जुन्नर परिसरातील दवंड्याच्या डोंगरावर, सुमारे ३,६०० फूट उंचीवर हे विमान आदळले. ९४ जणांपैकी कोणीही वाचले नाही.

चौकशीचा निष्कर्ष विचार करावयास लावणारा आहे. दिशानिर्देशनात चूक झाल्यामुळे आपण मुंबईच्या बरेच जवळ आलो आहोत, असा वैमानिकाचा समज झाला आणि त्याने वेळेआधीच विमान खाली आणले. रात्रीची वेळ होती आणि केवळ यंत्रांच्या आधारे उतरावे लागेल अशी स्थिती होती. आपली नेमकी जागा पडताळून पाहण्यासाठी जी साधने उपलब्ध होती त्यांचा उपयोग केला गेला नाही. ठरवून दिलेली किमान सुरक्षित उंचीही पाळली गेली नाही. त्या मार्गावरील भूप्रदेशाची पुरेशी ओळख नसणे, हेही एक कारण नोंदविले गेले.

मुंबईच्या समुद्रसपाटीशी सह्याद्रीचा हा दगडी बांध किती जवळ आहे, हे आपल्याला ठाऊक असते. माळशेज किंवा नाणेघाट उतरणाऱ्या माणसाला घाटमाथा व कोकण यांतील फरक पायांनी कळतो. अंधारात दूरदेशाहून आलेल्या वैमानिकाला तो केवळ नकाशावरून कळू शकतो. त्याच्याही आधी, १२ जुलै १९४९ रोजी, केएलएम कंपनीचे विमान मुंबईत उतरण्याच्या प्रयत्नात घाटकोपरच्या टेकडीवर आदळले होते आणि त्यात ४५ जण मृत्युमुखी पडले होते. जुलै महिना, खाली आलेले ढग आणि वाटेतील उंच जमीन, असा हा योग होता.

मालवाहू विमानाचा धडा

अर्धशतकात यंत्रे फार सुधारली. जमीन जवळ येताच बोलून इशारा देणारी उपकरणे विमानांत बसविण्यात आली. तरीही तोच प्रकार पुन्हा घडू शकतो, हे १४ ऑगस्ट २०१३ रोजी अमेरिकेत दिसून आले. यूपीएस या माल पोहोचविणाऱ्या कंपनीचे एअरबस ए-३०० जातीचे मालवाहू विमान लुईव्हिलहून अलाबामा राज्यातील बर्मिंगहॅम येथे पहाटे पाऊणे पाचच्या सुमारास उतरत होते. धावपट्टी गाठण्यापूर्वीच ते झाडांवर व टेकडीच्या उतारावर आदळले. विमानातील दोघेही वैमानिक मरण पावले.

अमेरिकेच्या राष्ट्रीय परिवहन सुरक्षा मंडळाने सप्टेंबर २०१४ मध्ये या अपघाताचे निष्कर्ष जाहीर केले. विमानतळाची मुख्य धावपट्टी त्या वेळी देखभालीसाठी बंद होती. दुसऱ्या धावपट्टीवर दिशा दाखविणारी यंत्रणा होती, परंतु उतार दाखविणारी जमिनीवरील यंत्रणा नव्हती. तो उतार विमानातील संगणकाकडून मिळवावयाचा होता, पण संगणकात मार्गाची माहिती योग्य रीतीने भरली व तपासली गेली नाही. उतार मिळत नाही असे दिसल्यावर कप्तानाने मिनिटाला १,५०० फूट या वेगाने विमान खाली आणले. ही बदललेली पद्धत त्याने सहकाऱ्याला स्पष्टपणे सांगितली नाही आणि सहवैमानिकानेही किमान उंची आल्याची ठरलेली सूचना दिली नाही. हजार फुटांवर ढगांबाहेर येऊ, अशी दोघांची अपेक्षा होती. ढग प्रत्यक्षात त्याहून खाली होते आणि ती माहिती त्यांच्यापर्यंत पूर्णपणे पोहोचली नव्हती.

असे अस्थिर अवतरण सोडून देऊन पुन्हा वर जाणे, हा मार्ग त्यांच्यासमोर मोकळा होता. तो घेतला गेला नाही. तपासणाऱ्यांनी एवढ्यावरच न थांबता, तो का घेतला गेला नाही, हा पुढचा प्रश्न विचारला. तेव्हा थकवा हे कारण पुढे आले. मालवाहतूक ही बहुतांशी रात्रीची असते. आपण झोपेत असताना आपले पार्सल प्रवास करीत असते आणि त्यासाठी कोणीतरी जागत असतो. उड्डाणापूर्वी हे दोन वैमानिक कामाच्या तासांविषयी व थकव्याविषयीच बोलत होते, हे ध्वनिमुद्रणातून समजले. अमेरिकेत प्रवासी विमानांच्या वैमानिकांसाठी विश्रांतीचे अधिक कडक नियम जानेवारी २०१४ पासून लागू झाले, परंतु मालवाहू विमानांना त्यांतून वगळण्यात आले. तसेच, जमिनीचा इशारा देणाऱ्या उपकरणाची सुधारित संगणक-आज्ञावली बसविलेली असती, तर इशारा काही सेकंद आधी मिळाला असता, असेही आढळून आले.

जुन्नर आणि बर्मिंगहॅम यांमध्ये ५१ वर्षांचे अंतर आहे. पण दोन्हीकडे विमान वैमानिकांच्या ताब्यात असताना जमिनीवर आदळले, आणि दोन्हीकडे खात्रीच्या जागी समजुतीवर विसंबून उंची सोडली गेली.

तपास कशासाठी?

अपघात झाला की दोषी कोण, असा प्रश्न लोक प्रथम विचारतात. विमान अपघाताचा तांत्रिक तपास मात्र वेगळ्या हेतूने होतो. १९४४ च्या शिकागो कराराच्या तेराव्या परिशिष्टात हे स्पष्ट केलेले आहे की, अशा तपासाचा एकमेव उद्देश पुढील अपघात टाळणे हा आहे. दोष किंवा जबाबदारी ठरविणे हा नाही. शिक्षा व नुकसानभरपाई यांसाठी न्यायालये आहेत. शिक्षेच्या भीतीने कोणी खरे बोलेनासा झाला तर तीच चूक पुन्हा घडते, हा यामागील विचार होय.

भारतात या कामासाठी २०१२ मध्ये विमान अपघात तपास विभाग स्थापन करण्यात आला. त्यापूर्वी हे तपास प्रामुख्याने नागरी विमान वाहतूक महासंचालनालयाकडे असत. जी यंत्रणा नियम करते आणि परवाने देते, तिनेच अपघात तपासावा हे योग्य नाही, कारण तपासात त्या यंत्रणेच्या उणिवाही पुढे येऊ शकतात. स्वतंत्र विभागाची आवश्यकता त्यातून निर्माण झाली. आंतरराष्ट्रीय संकेतानुसार प्राथमिक अहवाल ३० दिवसांत आणि अंतिम अहवाल शक्यतो एका वर्षात द्यावयाचा असतो.

तपासाची सामग्री अनेक ठिकाणांहून गोळा होते. ‘ब्लॅक बॉक्स’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या, पण प्रत्यक्षात नारिंगी रंगाच्या दोन उपकरणांपैकी एकात उंची, वेग, दिशा आदींची नोंद असते व दुसऱ्यात वैमानिकांचे संभाषण असते. त्याखेरीज नियंत्रण कक्षाशी झालेले बोलणे, हवामानाच्या नोंदी, देखभालीची कागदपत्रे, वैमानिकांच्या कामाचे तास आणि प्रत्यक्षदर्शींच्या जबान्या पाहिल्या जातात. अवशेष कसे व कोठवर विखुरले आहेत, यावरूनही विमान कोणत्या कोनात व वेगात आदळले हे कळते.

स्थानिक संस्थांचे काम

येथे ग्रामपंचायत सदस्य, शिक्षक आणि तालुका पातळीवरील अधिकारी यांचा संबंध येतो. विमान खेड्याच्या शिवारात पडले, तर तपास पथक पोहोचण्यापूर्वी तेथे गावकरीच असतात. अशा वेळी जखमींना बाहेर काढणे व आग विझविणे हे पहिले कर्तव्य आहे आणि त्यासाठी अवशेष हलवावे लागले तरी हरकत नाही. त्यानंतर मात्र एकही तुकडा जागेवरून हलवू नये. पोलीस व जिल्हाधिकाऱ्यांना तात्काळ कळवावे, गर्दी दूर ठेवावी आणि ज्यांनी विमान कोसळताना पाहिले किंवा ऐकले त्यांची नावे लिहून ठेवावीत. आठवण म्हणून घरी नेलेला लहानसा भागही एखाद्या महत्त्वाच्या प्रश्नाचे उत्तर कायमचे हरवू शकतो.

अपघात टाळण्याचे काम त्याहून मोठे आणि रोजचे आहे. विमानतळाच्या परिसरातील बांधकामांच्या उंचीसंबंधी केंद्र सरकारने २०१५ मध्ये नियम केले. त्यानुसार नागरी विमानतळापासून २० किलोमीटरपर्यंतच्या क्षेत्रात उंच बांधकामासाठी भारतीय विमानतळ प्राधिकरणाचे ना हरकत प्रमाणपत्र लागू शकते. प्रमुख विमानतळांसाठी रंगीत नकाशे तयार केलेले असून कोणत्या भागात किती उंचीपर्यंत परवानगी देता येईल, हे त्यांवरून समजते. इमारत, पाण्याची टाकी, मोबाईल मनोरा किंवा धुराडे यांचा प्रस्ताव समोर आला की परवानगीच्या कागदावर सही करण्याआधी हे पाहणे अगत्याचे आहे.

उंचीइतकाच पक्ष्यांचा प्रश्नही महत्त्वाचा आहे. विमान नियम, १९३७ मधील नियम ९१ ने विमानतळापासून १० किलोमीटरच्या आत उघड्यावर कत्तल करणे, जनावरे सोलणे व कचरा टाकणे यांना मनाई केली, कारण त्यामुळे घारी व गिधाडे आकर्षित होतात आणि उतरणाऱ्या विमानावर आदळतात. गावाच्या वेशीबाहेरचा कचऱ्याचा ढीग हा अशा रीतीने आकाशातील वाहतुकीचाही प्रश्न ठरतो.

सोलापूरच्या चिमणीचा खरा बोध असा की, उभे झालेले बांधकाम पाडणे सर्वांनाच महाग पडते. कारखान्याला, ऊस उत्पादकाला, प्रशासनाला आणि विमानाची वाट पाहणाऱ्या शहरालाही त्याची किंमत मोजावी लागते. तेच काम परवानगीच्या टप्प्यावर एका नकाशाने आणि एका पत्राने होऊ शकते. वैमानिकाने किमान उंची पाळावी, ही अपेक्षा रास्तच आहे. त्याच्या वाटेखालील जमिनीने आपली कमाल उंची पाळावी, ही जबाबदारी मात्र आपली आहे.